पंचा टाकलेली खुर्ची

१

हल्ली माझी लेक मधुमिता मोबाइलवर सिनेमा लावते आणि तो जरा अडकला की कपाळाला आठ्या घालते. मी तिला म्हणते, बाई गं, तुझ्या आईनं अख्ख्या कुंभकोणमला मोबाइलवर सिनेमे दाखवलेत, तेव्हा तुझ्यासारखे आठ्या घालणारे कोणी नव्हते. सगळे हात जोडून उभे असायचे.

थाप नाही मारत मी. महामहम् तळ्याच्या रस्त्यावर, झेरॉक्सवाल्याच्या शेजारी माझं एवढंसं दुकान होतं. बाहेर ‘रिचार्ज, डाउनलोड’ अशी पाटी. सकाळी शटर वर केलं की आधी डाउनलोडची निळी पट्टी किती सरकली ते बघायचं. फिल्टरमधून कापीचं, म्हणजे कॉफीचं, डिकॉक्शन उतरावं तसा सिनेमा थेंबाथेंबानं उतरायचा. उतरला की तो आवळून मोबाइलच्या मापाचा करायचा. त्यात हिरोचं नाक कुठं संपतं आणि मिशी कुठं सुरू होते ते कळायचं नाही, पण तक्रार कोण करतंय? कंडक्टर, शिक्षिका, केळीच्या पानांचे व्यापारी, सगळे नखाएवढं मेमरी कार्ड तळहातावर घेऊन रांगेत उभे राहायचे.

कार्डं सगळी एकसारखी. मिसळली तर निस्तरता निस्तरता नाकी नऊ यायचे. म्हणून मी एक शिस्त लावली होती. प्रत्येक कार्डाच्या आत गिऱ्हाइकाचं नाव घालायची. कॉम्प्युटरला लावलं की स्क्रीनवर ‘जयकुमार’, ‘शरण्या’, ‘कंडक्टर मुरली’ असं यायचं. साऱ्या गावात एवढी टापटीप दुसऱ्या कुठल्या दुकानात नव्हती. तेव्हा हे सगळं कायद्यात बसत नाही, वगैरे विचार कोणाच्या डोक्यातही येत नसे.

बहुतेक सिनेमे ‘थेटर प्रिंट’ असायचे. म्हणजे कोणीतरी थेटरात मागं बसून, कॅमेरा मांडीवर लपवून, चोरून घेतलेले. पडदा तिरका, आवाज विहिरीतून आल्यासारखा, आणि चित्राच्या खालच्या कडेला पुढच्या रांगांमधली डोकी. हिरॉइन रडत असताना कोणी खोकायचं, कोणी शिट्टी मारायचं. त्या पाठमोऱ्या डोक्यांची आम्हाला सवयच झाली होती.

आमच्या घराबद्दल एवढंच सांगते, की आम्ही तंजावरच्या राजांबरोबर इकडं आलेल्या लोकांपैकी. घरात मराठी, उंबऱ्याबाहेर तमिळ. पुण्याची माणसं आमचं बोलणं ऐकून हसतात, हसू देत. आणि आमच्या घरात नवरा-बायको एकमेकांचं नाव घेत नाहीत. अप्पांचं नाव सेतुराव. अम्मा रामेश्वरला जाऊन आली तरी सेतूला ‘तें पूल’ म्हणायची. अप्पा तिला ‘अगे’ म्हणायचे. तिचं नाव सुब्बलक्ष्मी आहे हे मला शाळेत घालताना कळलं.

२

अप्पा जाऊन वर्ष व्हायचं होतं. अम्मा घरात होती आणि नव्हती. स्वयंपाक करायची, वाढायची, पण तिच्या पानात दोन घास. मी बोलायला गेले तर ‘सेरी’, म्हणजे ‘बरं’, एवढंच म्हणायची आणि भिंतीकडं बघत राहायची. मला तिची फार भीती वाटायला लागली होती. एकुलती एक मुलगी मी, लग्न झालेलं नव्हतं. ती गेली की माझं या जगात कोण, असा विचार दुकानात बसल्या बसल्या यायचा.

त्या दोघांना वेड होतं एकाच गोष्टीचं, सिनेमा. अप्पा ड्रॉइंग मास्तर. रविवारी सायकलवरून पुढं जायचे, थेटरात शिरून खुर्चीवर खांद्यावरचा हिरव्या काठाचा पंचा, आमच्या बोलीत तुंडू, टाकायचे. आमच्याकडं बसमध्ये, थेटरात, लग्नाच्या पंगतीत, कुठंही खुर्चीवर पंचा पडला की ती जागा धरली गेली. मग प्रत्यक्ष कलेक्टर आला तरी त्या खुर्चीवर बसत नाही. अम्मा मागून मला घेऊन भात उतरवून चालत यायची. अंधारात अप्पांचा आवाज यायचा, “अगे, इकडे. जागा धरूनु ठेवलों आहें.”

म्हणून मी तिला एक स्वस्तातला चायना मोबाइल आणून दिला, कार्ड घातलं, त्यात एक नवा सिनेमा भरला. त्या काळात दुपारी ठरल्या वेळी करंट जायचा. टीव्ही बंद, पंखा बंद. अम्मा बाहेरच्या ओट्यावर बसायची आणि तो मोबाइल चांगल्या कानाला आणि डोळ्यांना एकदमच लावायचा प्रयत्न करायची. तिचा डावा कान जरा कमी होता.

एका दुपारी मी जेवायला घरी आले तर ती हसत होती. कित्येक महिन्यांनी हसत होती. मी दारातच थांबले.

“येतें म्हणट्लें कीं,” ती म्हणाली. “भात उतरवूं द्या.”

मला वाटलं माझी चाहूल लागली. पण ‘द्या’? मला कशाला ‘द्या’ म्हणेल? ती मोबाइलशी बोलत होती.

मी तिच्या खांद्यावरून वाकून पाहिलं. गाणं चाललं होतं, हिरॉइन कुठल्याशा बर्फात नाचत होती. खाली डोकी. शिट्ट्यांचा नुसता कल्लोळ. आणि त्या कल्लोळाच्या तळाशी एक पुरुषी आवाज, आमच्या घरच्या मराठीत, “...ये. जागा धरूनु ठेवलों आहें.”

डोक्यांच्या ओळीत एक खुर्ची रिकामी होती. तिच्या पाठीवर हिरव्या काठाचा पंचा टाकलेला होता.

३

मी काही वेडीबिडी नाही. बी. एस्सी. झालेली बाई. मी विचार केला, कुंभकोणमात आपली घरं काय कमी आहेत? सिनेमा चोरून घेतला त्या दिवशी आपल्यातला कोणी थेटरात असेल, बायकोसाठी जागा धरली असेल. कॅमेऱ्यात आवाज आला. एवढंच. हिरव्या काठाचे पंचे बाजारात ढिगानं मिळतात.

तरी दुकानात गेल्यावर मूळ फाइल लावली. तीच फाइल, जिच्यावरून अम्माच्या कार्डात उतरवली होती. बर्फातलं गाणं आलं, डोकी आली, शिट्ट्या आल्या. आवाज नव्हता. पंचा नव्हता. त्या खुर्चीवर एक जाडा माणूस बसून काहीतरी खात होता.

फाइल आवळताना चित्र फाटतं, डाग पडतात, हे मी रोज बघत होते. डागाचा पंचा होऊ शकतो. पण जाड्या माणसाची रिकामी खुर्ची कशी होते? मी तो विचार बाजूला सारून रिचार्जची गिऱ्हाइकं उरकली.

त्याच आठवड्यात व्यंकोबा आले. तिरुविडैमरुदूरचे, आमच्यातलेच, पोस्टातून रिटायर झालेले. बिनलग्नाचे राहिलेले, भाचीच्या संसारात मजेत होते. कान हे एवढे सुपासारखे आणि डोक्यावर मागं एकच बट उभी. दर आठवड्याला गाडीनं कुंभकोणमला यायचे, कापी प्यायचे, माझ्याकडून सिनेमा भरून न्यायचे.

“पोरी,” ते काउंटरवर रेलून म्हणाले, “तुझ्या पिच्चरामधें आमचें माणूस कोण गे बोलतें?”

माझ्या अंगावर काटा आला आणि खरं सांगायचं तर हायसंही वाटलं. म्हणजे मी एकटीच ऐकत नव्हते. “काय बोलतंय, व्यंकोबा?”

“‘व्यंकोबा, ये. जागा धरूनु ठेवलों आहें.’ अगदी आमच्या थोरल्या भावाचा, वारलेल्या अण्णाचा आवाज! मायवरम् पॅसेंजरांत अण्णा खिडकींतूनु तुंडू टाकूनु माझी जागा धरायचा.” त्यांचे डोळे भरून आले होते. मग जरासे घुटमळले. “अण्णा मला व्यंकू म्हणायचा. व्यंकोबा कधीं म्हणट्ला नाहीं. पण गर्दींत पुरतें नांव घेतलें असेल. नाहीं कां?”

“असेल,” मी म्हणाले. दुसरं काय म्हणणार?

ते खुशीत निघाले. आमच्याकडं निघताना कोणी ‘जातो’ म्हणत नाही, ‘येतो’ म्हणतो. तमिळ माणसंसुद्धा जाऊन येतो म्हणतात. व्यंकोबा पायरी उतरताना हात हलवून म्हणाले, “जातों, पोरी.” मी तेव्हा कोणाचा तरी नंबर लिहून घेत होते.

४

व्यंकोबा गेल्याचं कळलं तेव्हा मी तिरुविडैमरुदूरला भेटायला गेले. त्यांची भाची वाणी ओट्यावर बसली होती. दुपारी जेवून आरामखुर्चीत बसले होते, म्हणाली. मोबाइल मांडीवर, पिच्चर चालू. ती चहा घेऊन गेली तर हे संपलेले. तोंडावर हसू. आलेले सगळे म्हणत होते, असं मरण भाग्यवंतालाच येतं. वाणीनं त्यांचं कार्ड काढून माझ्या हातात दिलं. “तुझेंच आहे, तूंच घे. मला तें पाहवत नाहीं.”

दुकानात येऊन मी ते कार्ड लावलं. स्क्रीनवर ‘व्यंकोबा’ असं नाव आलं. मी बर्फातल्या गाण्यापर्यंत सरकले.

शिट्ट्या होत्या. हाक नव्हती. पंचाही नव्हता. पंचाच्या जागी आता एक डोकं होतं. सुपासारखे कान आणि मागं उभी राहिलेली एकच बट.

मी स्क्रीनवर हात ठेवला. काच गरम होती, एवढंच. बाहेर बस चालली होती, झेरॉक्सवाला कोणाशी तरी भांडत होता, सगळं जिथल्या तिथं होतं. सारखे कान शंभर जणांचे असतात, मी स्वतःला म्हणाले. मग शटर अर्ध्यावर ओढून मी घराकडं पळत सुटले, कारण अम्माच्या मोबाइलमधली खुर्ची अजून रिकामी होती.

५

घर भलतंच स्वच्छ होतं. भांडी घासून पालथी घातलेली. गॅसचं बटण खालून बंद केलेलं. अम्मानं केस विंचरले होते आणि पेटीतली कूरैनाडची साडी नेसली होती, जी अप्पा गेल्यापासून बाहेर आली नव्हती. ती ओट्यावर चपला घालून बसली होती.

“कुठं निघालीस?”

“थेटरला.”

“कोणाबरोबर?”

ती माझ्याकडं बघून हसली. लहान मुलानं वेडा प्रश्न विचारल्यावर हसतात तशी. “दुधवाल्याला सांगितलें आहें. उद्यांपासनु पाव लिटर घाल म्हणट्लें. तुला एकटीला पुरे होईल.”

मी तिच्याजवळ खाली बसले आणि हातातला मोबाइल ओढून घेतला. चित्र थांबलेलं होतं. मोठे कान आता याही रांगेत होते. त्यांच्या शेजारी पंचा टाकलेली खुर्ची. खुर्चीच्या पलीकडं एक पाठमोरं डोकं, मानेवर वळलेले पांढरे केस, अप्पांचे होते तसेच. आणि पूर्वी ही रांग पडद्यापाशी, लांब दिसायची. आता ती इतकी जवळ होती, की हात लांबवला तर पंचा हाताला लागावा.

“अम्मा, हा अप्पा नाहीं. व्यंकोबा बघ तिथें. ते मेले. मी हे पुसूनु टाकतें.”

“पुसूनु टाक,” ती शांतपणे म्हणाली. “एकदां जाळूनु आलीस. आतां पुसूनु टाक.”

अंगठा बटणावर होता. नाही दाबवला. तिनं माझ्या हातातून मोबाइल काढून घेतला आणि पदराखाली ठेवला. “तो खांब पाहिलीस? तो वांकड्या पात्याचा पंखा? आपलेंच थेटर आहे तें. रोज बोलवीत आहेत. एवढा वेळ त्यांना कधीं थांबविलें नव्हतें मी.”

भांडून उपयोग नव्हता. अम्मा मऊ बोलते, पण एकदा निघाली की बैलगाडी आडवी घातली तरी थांबत नाही. मी एवढंच ठरवलं, की तिचा हात सोडायचा नाही.

६

आमचं थेटर तेव्हा शेवटचे आचके देत होतं. मॅटिनीला कुठला तरी जुना सिनेमा लावायचे. खिडकीशी मी पैसे काढले तर अम्मा म्हणाली, “एकच तिकीट काढ. माझी जागा धरलेली आहे.” मी दोन काढली. डोअरकीपर अप्पांना ओळखायचा. अम्माला बघून त्यानं नमस्कार केला आणि वर बाल्कनीचं दार उघडून धरलं.

दिवे लागलेले होते. बाल्कनीत एक जोडपं कोपऱ्यात, एक माणूस झोपलेला, बाकी शुकशुकाट. खांबाजवळची रांग रिकामी होती. मी खुर्ची न् खुर्ची बघितली. धूळ, फाटलेलं रेक्झीन, कोणीतरी टाकलेली शेंगांची टरफलं. पंचा नाही. वर वाकड्या पात्याचा पंखा खडखडत होता. मला इतकं बरं वाटलं की हसूच आलं. “बघितलींस? कोणी नाहीं.”

“दिवे जाऊं दे,” अम्मा म्हणाली.

आम्ही त्या रांगेच्या मागं, दोन रांगा सोडून बसलो. माझ्या लक्षात आलं की चोरून चित्रण करणारा बसला असेल तर इथंच बसला असेल. त्याच्याच जागेवरून मी बघत होते. हे लक्षात यायला नको होतं.

दिवे गेले. पडदा उजळला. मी नावांच्या पाट्या वाचत राहिले, मुद्दाम, एकेक. घामानं अम्माचा हात निसरडा झाला होता. पंख्याची खडखड थांबली होती, आणि ती कधी थांबली ते कळलंच नव्हतं.

मी नजर खाली आणली. पडद्याच्या उजेडावर रांग काळी दिसत होती. मोठे कान. पांढरे केस वळलेली मान. आणि त्यांच्या मधे खुर्चीच्या पाठीवर पंचा.

या वेळी शिट्ट्या नव्हत्या, गर्दी नव्हती. मोबाइलचा फुटका स्पीकर नव्हता. आवाज स्वच्छ आला, अप्पांचा आवाज, त्यांची सर्दीसुद्धा तीच.

“सुब्बलक्ष्मी, ये. जागा धरूनु ठेवलों आहें.”

७

अम्मा उठली. माझ्या हातातून तिचा हात साबणासारखा सुटला. मी तिचा पदर धरायला गेले तर माझं अंग हलेना. ती दोन पावलं पुढं गेली, त्या रांगेच्या तोंडाशी पोचली, आणि थबकली.

“काय म्हणट्लास?” ती म्हणाली.

म्हणट्लास! अप्पांना ती ‘तुम्हीं’ म्हणायची, स्वप्नातही ‘तूं’ म्हटलं नसतं.

“सुब्बलक्ष्मी, ये. जागा धरूनु ठेवलों आहें.” तेच शब्द, तोच चढ, तोच उतार. बटण पुन्हा दाबल्यासारखे.

“माझें नांव घेणारा तूं कोण रे?”

अम्माचा आवाज चढत गेला. अख्ख्या आयुष्यात मी तिला असं ओरडताना ऐकलं नव्हतं, आणि खरं सांगते, तो आवाज ऐकून माझ्या छातीत ढोल वाजायला लागले.

“जन्मभर त्यांनी माझें नांव घेतलें नाहीं! लग्नांत सगळ्यांनी धरूनु बसविलें म्हणूनु एकदां घेतलें, तेव्हांही घाम फुटला होता त्यांना. आस्पत्रींत नळ्या लावलेल्या असतां ‘अगे’ म्हणट्ले. नांव नाहीं घेतलें! आणि तूं नांव घेऊनु बोलवितोस? रेशनवाल्यासारखा? लाज नाहीं? त्यांचा आवाज घेतलास, त्यांचे केस घेतलास, त्यांचें तुंडूसुद्धां चोरलास. एवढें चोरलास आणि मला काय म्हणूनु बोलवायचें तें माहीत नाहीं तुला!”

तिनं हात लांबवला आणि खुर्चीवरचा पंचा खसकन ओढला. थेटरात ‘फट्’ असा आवाज घुमला. कोपऱ्यातलं जोडपं ताडकन उठून उभं राहिलं.

“व्यंकोबा, तुम्हींही उठा! कोणी बोलविलें कीं जाऊनु बसायचें? तुमचा अण्णा असा कुठें बसतो? जा, त्याला शोधा. उठा म्हणट्लें ना!”

मोठ्या कानांचं डोकं हललं. मग ते उठलं, जरा वाकून, गाडीचं स्टेशन चुकल्यासारखं घाईघाईनं रांगेतून पलीकडं गेलं. पडद्यावर पांढरा उजेड आला तेव्हा तिथं कोणी नव्हतं.

पांढऱ्या केसांचं मात्र तिथंच होतं. ते हळूहळू अम्माकडं वळलं. मी डोळे मिटायला हवे होते, पण मिटले नाहीत. ते पूर्ण वळलं, आणि वळल्यावरही मला वळलेले पांढरे केसच दिसले. मानच दिसली. पुढूनही ते पाठमोरंच होतं.

अम्मानं ते माझ्यापेक्षा जवळून पाहिलं. ती एक पाऊलही मागं सरली नाही. पंचा झटकावा तसा तिनं त्याच्या दिशेनं झटकला, माशी हाकलतात तसा, आणि म्हणाली, “पूस माझें नांव. पुन्हां घेतलास तर बघ.”

दिवे लागले. डोअरकीपर धावत आला होता. “काय झालं मामी?” त्यानं तमिळमध्ये विचारलं.

“कोणी तरी आमच्या माणसाच्या जागेवर बसला होता,” अम्मा तमिळमध्ये म्हणाली. “उठवला.”

ती ताठ मानेनं जिना उतरली. मी मागून. बाहेर ऊन रणरणत होतं आणि मला ते ऊन गालाला लावावंसं वाटत होतं. कोपऱ्यावर तिनं दोन कापी मागवल्या, डबऱ्यात, म्हणजे पसरट वाटीत, ओतून फेस काढून स्वतः प्याली, मग दुधवाल्याच्या घरी वाट वाकडी करून गेली. “उद्यांपासनु अर्धा लिटर,” तिनं त्याला सांगितलं. मी रस्त्यात उभी राहून ढसाढसा रडले.

८

नाव त्याला कुठून मिळालं, हे मी रात्रभर शोधत बसले नाही, कारण मला माहीत होतं. कार्डात नाव घालणारी मीच. व्यंकोबांच्या कार्डात ‘व्यंकोबा’, अम्माच्या कार्डात ‘सुब्बलक्ष्मी’. त्यातलं जेवढं वाचता आलं तेवढंच त्याला ठाऊक होतं. दुसऱ्या दिवशी मी सगळ्या कार्डांतली नावं काढून नुसते आकडे घातले. शिस्त थोडी बिघडली, बिघडू दे.

पंचा घरी आणून अम्मानं उजेडात पाहिला तर त्याला हिरवा काठ नव्हता. कुठलाच काठ नव्हता. तिनं तो धुतला, दोन तुकडे केले, एकाची लादी पुसायला फडकं केलं आणि दुसऱ्यानं गरम भांडी उतरवायला लागली. मी फेकून दे म्हणाले तर म्हणाली, “कां? कापड चांगलें आहे.”

आणि मग गिऱ्हाइकं यायला लागली. कंडक्टर मुरली पहिला. “अक्का, तो बर्फाच्या गाण्याचा सिनेमा, त्यात एक म्हातारी कोणाला तरी झाडतेय बघ! भाषा कळत नाही, पण काय झाडतेय! डेपोत सगळे लोळून हसले. माझ्या मेव्हण्याला पण भरून दे.” त्याच्या कार्डात तो सिनेमा मी महिन्याआधी भरला होता. मी लावून बघितलं. बर्फ, हिरॉइन, शिट्ट्या, आणि त्या सगळ्यांवर माझ्या अम्माचा आवाज, माझें नांव घेणारा तूं कोण रे? खालची अख्खी रांग रिकामी होती. सगळ्या गावात ज्याच्या ज्याच्या मोबाइलमध्ये तो सिनेमा होता, त्याच्या त्याच्याकडं ती रांग रिकामी झाली होती. शरण्याच्या, जयकुमारच्या, सगळ्यांच्या. त्या महिन्यात मी दुसरा सिनेमाच विकला नाही.

अम्माला ऐकवलं तर तिनं चांगला कान लावला, पदर तोंडाला लावून हसली आणि म्हणाली, “आणखी बोलायला पाहिजे होतें.”

ती त्यानंतर खूप वर्षं जगली. माझं लग्न केलं, मधुमिताला न्हाऊमाखू घातलं. दोन वर्षांपूर्वी अंथरुणाला खिळली. एका सकाळी मी तिला कापी पाजत होते, तर तिनं एकदम हात वर करून मला थांबवलं आणि चांगला कान दाराकडं केला.

“ऐकलीस?”

“काय अम्मा? मी कांहीं नाहीं ऐकलें.”

तिच्या चेहऱ्यावर नवरीसारखी लाली आली. “अगे म्हणट्ले,” ती म्हणाली. मग दाराकडं बघून, जरा लटक्या रागानं, “येतें कीं. कापी तरी पिऊं द्या.”

तिनं कापी पूर्ण संपवली. या वेळी दुधवाल्याला मीच सांगितलं.